मौजे सावरधाबा, बेचिराख

तालुक्यात गावं एकशे एकोणसत्तर,
त्यातलं एकशे बाविसावं माझ्या वाट्याला आलं.
अव्वल कारकून केंद्रेसाहेब पानाला चुना लावता लावता म्हणाले,
“शून्य टाका मॅडम, सही करा, घरी जा.
मागच्या गणतीला शून्य, त्याच्या मागच्याला शून्य.
तिथं कोण ठेवलंय?”

गावाला हद्द आहे, नकाशा आहे,
शेतसारा आहे, तलाठी आहे,
एकेक गट सात-बाऱ्यावर जागच्या जागी.
फक्त माणूस नाही.
जुन्या दप्तरात मोडी अन् उर्दू शेजारीशेजारी,
फसली तेराशे अठ्ठावीस, मानमोडी.
पुढचे रकाने कोरे.
किती गेले ते लिहिलेलं नाही;
मोजणाराही त्यातच गेला असावा.

मी जिल्हा परिषदेची मास्तरीण.
चौथीच्या पोरांना सांगते,
शून्य एकटं असलं तर काही नाही,
कुणाच्या उजवीकडं बसलं की दहापट.

फेब्रुवारीची शेवटची रात्र बेघरांची.
पुलाखाली, पालात, देवळाच्या ओट्यावर
जो जिथं निजला तो तिथला.
कोतवाल मुंजाजीच्या मोटारसायकलीवर
पिशवी पोटाशी धरून निघाले.
हरभरा निघालेला, करडई उभी,
उतरले तिथं तिच्या काट्यांनी पदर धरला.

गावठाणात चिंचा तेवढ्या ओळीनं,
म्हणजे इथून रस्ता होता.
एक उखळ जमिनीत रुतलेलं.
मारुतीला शेंदूर ताजा.
अन् ओट्यावर घोंगडी अंथरून
धुराजी बापू, वय ऐंशीच्या अलीकडं की पलीकडं,
कंदील घेऊन बसलेले,
जसं काही एसटीची वाट बघायलेत.

“आलीस का माय. लिव्ह.”

म्हटलं, बापू, तुम्ही तर टाकळीचे.
परवाच लिहिलंय तुम्हाला, लेकाच्या घरात,
अनुक्रमांक सहा, नातं वडील.

“ते दिवसा लिवलं. आज रातच्याला म्या हितं निजायलोय.
माझा बाप निघाला हितून सात वर्सांचा, एकलाच.
मरेस्तोर म्हणायचा,
एक तरी माणूस पायजे गावात,
नाहीतर गाव कुणाचं म्हणून सांगावं?”
मग थोडं थांबून,
“राशनातलं नाव कटंल का गं?”
नाही म्हटलं, ते खातं वेगळं.
“मंग लिव्ह.”

मुंजाजी हसायला लागला होता. मग थांबला.

नियमात बापू बसत नव्हते.
घर होतं, चूल होती,
सुनेनं बांधून दिलेली भाकर फडक्यात दिसत होती.
मी कंदिलाशी उकिडवी बसले,
टाकळीच्या सहाव्या ओळीवर रेघ मारली,
आडवी, एकदाच, खाली सही.
सावरधाब्याच्या पानावर, पुरुष एक. स्त्री शून्य.
घरं किती लिहू?
“मारुतीचं धर की.”
ते नाही धरता येत, बापू.
साक्षर का विचारलं तर अंगठा दाखवला,
शेंदरानं लाल.

मार्चात केंद्रेसाहेबांनी पान परत आणलं.
“हा एक कसला मॅडम?
एका माणसाला हातपंप लागतो,
मतदानाची सोय लागते. वरून विचारलं तर काय सांगू?”
म्हटलं, बेरीज बघा.
टाकळी एकानं कमी, हे एकानं जास्त.
तालुका तेवढाच. जिल्हा तेवढाच.
त्यांनी कॅल्क्युलेटरवर दोनदा करून बघितलं.
आकड्याशेजारी पानाचा डाग पडला,
तो तसाच वर गेला.

बापू पोळ्याच्या आदल्या दिवशी गेले,
टाकळीत, खाटेवर, लेकाच्या हातचं पाणी पिऊन.
मृत्यूची नोंद तिथल्याच ग्रामपंचायतीत.
सावरधाब्यातलं नाव कुणी खोडायला गेलं नाही,
पुढच्या गणतीपर्यंत ती कुणाची ड्यूटीही नाही.

शनिवारी मुंजाजी तेलाची बाटली घेऊन
तिकडून वळसा मारतो.
विचारलं तर म्हणतो, हद्दीचे दगड तपासायलो.