बेंबीवरचं लिंबू

मिरजकर तिकटीला मिरवणूक थांबली की
माझं काम एवढंच :
शर्ट वर करायचा, डांबरावर उताणं पडायचं
आणि हलायचं नाही.

लिंबू घरचंच, अब्बांच्या गाड्यावरचं.
कपिलतीर्थात सकाळी ते दहा-बारा दाबून बघतात,
पातळ सालीचं, बेंबीत नीट बसणारं.
विकायच्या लिंबाला एवढं निरखत नाहीत.

उज्मा आपा अकरा वर्षांची.
उभी धरली तर तलवार तिच्या छातीला लागते.
पांडबा वस्ताद हलगीवाल्याला हात करतात
आणि ती माझ्याभोवती फिरायला लागते,
चार पावलं, गिरकी, चार पावलं.
मला वरचं सगळं उलटं दिसतं :

हनुवट्या. नाकपुड्या.
मोबाइल, आणि मोबाइलमागं तोंडच नाही.
खांद्यावरचं एक पोरगं, आइसकांडी चोखत.
"पोरीच्या जातीला हे कशाला?"
"आजच्या काळात पाहिजेच की ओ."
"आईबापाला काळीज हाय का नाही?"
"बागवानांची व्हय? अरे वा!"
त्या 'वा'मध्ये नक्की काय असतं
ते इतक्यांदा पडूनही मला कळलेलं नाही.

पडलेल्याला कुणी विचारत नाही.
विचारलं असतं तर सांगितलं असतं,
की पहिले सहा महिने तिच्या हातात तलवार नव्हती,
नुसती काठी, नुसते पाय, तांबडी माती.
मग केळं, पाटावर. मग काकडी, पाटावर.
त्या पाटावर सतरा वण आहेत.
शेवटचा गेल्या दिवाळीतला.
उन्हाळ्यापर्यंत अठरावा उठला नाही,
तेव्हा ती म्हणाली, "आता ये तू."

हलगी थांबते.
तिच्या नाकावर घाम.
ती लिंबाकडं बघत नाही, माझ्याकडं बघते.
मी अर्धा श्वास सोडतो, पोट खाली जातं.

गार.
दोन थेंब, बेंबीत.

टाळ्या, शिट्ट्या.
"बघवत नाही गं बाई" म्हणणारीनं
पदर डोळ्यांवर घेतलाय,
दुसऱ्या हातात फोन मात्र स्थिर,
माझ्याइतकाच.

दोन्ही फोडी मी चड्डीच्या खिशात टाकतो.
रात्री अम्मी त्या रश्शावर पिळते,
एक बी मधोमध कापलेली निघते.
जेवता जेवता आपा विचारते,
"आज हललास का रे तू?"
"नाही."
"मग मी हलले," ती म्हणते,
हात धुते,
आणि पलंगाखालून पाट ओढते.