केल्डबी, पाहा : छत्री

लिंकनच्या उभ्या चढावर, दप्तरखान्याच्या तळघरात
हीटर चालू आणि पाय गारच.
तिसरा आठवडा, मी एकच आडनाव उलगडतेय.

केल्ड म्हणजे झरा, बी म्हणजे गाव,
बेरिल सांगते, पेन्सिल कानावर ठेवून.
डेन लोक होड्यांतून आले, शब्द ठेवून गेले.
मी मान डोलावते.
आमच्याकडे बी म्हणजे बी.
पेरायचं, आणि वाट बघायची.

पेटी अकरा. सर मार्मड्यूक केल्डबी.
ढालीवर तीन बगळे, त्यातल्या एकाला पाय नाही,
चितारणाऱ्याचे पैसे थकले असावेत.
पेटी बारा ते सतरा : शेजाऱ्याशी खटला,
एका चरातल्या पाण्यावरून, छत्तीस वर्षं.
वादी मेला, प्रतिवादी मेला, चर बुजला,
वकिलाचं घर तेवढं दगडी झालं.
भाऊबंदकीला इंग्रजीत नेमका शब्द नाही,
कागद मात्र पोत्यानं.

पेटी एकोणीस. शेवटचा पेरेग्रीन.
ताप, सप्टेंबर, वळणदार अक्षरात : वारस नाही.
मी झाकण लावलं. संपले एकदाचे, वाटलं.

त्याच रात्री लीड्सहून लेकीचा फोन,
आई, केल्डबीवर निबंध आहे, उद्याच द्यायचाय.
कुठल्या केल्डबीवर?
हेस्टर. तत्त्वज्ञ. ती छत्र्यांवाली.

मग तिनं मला समजावलं, तोंडात टोस्ट :
शंभर छत्र्या, शंभर बिल्ले.
रात्री कुणीतरी सगळे बिल्ले अदलाबदल केले.
सकाळी प्रत्येकाला एकेक छत्री मिळाली,
कुणाचीच तक्रार नाही.
तर मग, हेस्टरबाई विचारतात,
बिल्ला नेमका कशाचं नाव होता?
वस्तूचं, की आपल्या विश्वासाचं?

जाडजूड ग्रंथांच्या मागच्या सूचीत ती अशी भेटते :
केल्डबी, पाहा : छत्री.
सरदारघराण्यांच्या सूचीत : केल्डबी, पाहा : खटले.
दोन्हीकडे दुसरीकडेच बघायला सांगतात.

मी धागा शोधला. शोधायला नको होता,
त्याचा पगार मिळत नाही.
चर्चची नोंदवही, सतराशे चौऱ्याण्णव, जानेवारी.
मुलगा. टोपलीत. वाड्याच्या फाटकाशी.
पाद्रीबुवांना घाई असणार, कडाक्याची थंडी असणार.
नाव घातलं जोनस, आडनाव गावाचंच चिकटवलं.
आतल्या केल्डबींनी हरकत घेतल्याची नोंद नाही.
चरासाठी छत्तीस वर्षं भांडणारी माणसं,
आडनाव गेलं तर त्यांना कळलंही नाही.

जोनसचा मुलगा तबेल्यात,
त्याचा कोळशाच्या वखारीत,
त्याचा ट्रामच्या काचा पुसायला,
आणि त्याची मुलगी हेस्टर, जाड चष्मा,
एका मुलाखतीत म्हणालेली :
मला नाव कुणी दिलं नाही, ते माझ्या अंगावर सांडलं.

गावातल्या चर्चमध्ये मार्मड्यूक दगडाचा होऊन पडलाय.
नाक झिजलं. पायाशी दगडी कुत्रा,
तो जास्तच झिजलाय, लेकरं त्यालाच कुरवाळतात.
हेस्टर तिथे कधी गेली होती का, मला माहीत नाही.

मीही वेळापूर एकदाच पाहिलं,
एसटीच्या खिडकीतून, उसाच्या ट्रॉलीमागे अडकलेलं.
इथे बॅजवर माझं आडनाव मावेना,
शेवटचा 'कर' त्यांनी छाटला.
आता मी छातीवर आख्खं गाव लावून फिरते,
आणि लोक म्हणतात, गुड मॉर्निंग, वेळापूर.

कार्डावर शेवटचा रकाना : दोन्ही शाखांचा संबंध.
पेन्सिल बराच वेळ तिथेच.
रक्ताचा नाही. मातीचा म्हणावं तर मातीही विकली गेली.
मी लिहिलं : फाटक.
मग खोडलं, पण खोडलेलं दिसतं.

पाच वाजले. बाहेर बारीक, चिकट पाऊस.
बेरिल माझी छत्री घेऊन गेलीय.
तिची काळी, माझीही काळीच.
खुंटीवर उरलेली मी उघडते.
एक काडी मोडकी आहे.
चढ उतरताना एक खांदा भिजत राहतो,
डावा.