एक जून, सकाळी आठ

आस्लाउग चावी काढते,
सायकलच्या कुलुपाची असावी एवढीशी.
पठारावर अजून बर्फ, ठिगळाठिगळांनी,
आणि भिंतीमागचं तळं
झोपमोड झालेल्या जनावरासारखं राखाडी.

कंपनीचा कागद सांगतो:
पंधरा सप्टेंबरपर्यंत,
दिवसा सेकंदाला बारा घनमीटर,
रात्री तीन.
(रात्री कोण बघतंय?)
बाकीचं डोंगराच्या पोटातून खाली
टर्बाइनकडे,
तिथून ओस्लोतल्या इस्त्र्यांकडे.

दार उचललं तरी धबधबा लगेच होत नाही.
आधी पात्रातले धोंडे काळे पडतात,
शेवाळ फुगतं,
हिवाळ्यात मेलेलं एखादं कोकरू
जागचं हलतं, जणू उठणारच.
कड्यापर्यंत अकरा मिनिटं.
ती थर्मासमधली कॉफी ओतते.

खाली दोन बस येऊन थांबल्यात.
एक पोरगा विचारतो, हे पाणी येतं कुठून?
गाइड बोट वर करतो: हिमनदीतून.
खोटं नाही.
हिमनदी आहे, गेल्या साली पडलेला बर्फ आहे,
दलदलीत झिरपून महिनाभराने निघालेला पाऊस आहे.
मधे एक बाई आहे चावी घेऊन,
तेवढं गाळलं त्याने.

अठ्ठावन्न साली तिच्या वडिलांनी
या पाण्यावर पाणी सोडलं,
सही करून, शाईच्या पेनने.
बदल्यात रस्ता आला, दिवे आले,
गावातला दुसरा फ्रिज आला.
आणि पहिल्याच हिवाळ्यात गुन्व्होरला,
म्हणजे आईला, झोप येईना.
घर बहिरं झालंय, म्हणायची.
रात्री उठून मोरीतला नळ
करंगळीएवढा सोडून ठेवायची.
वडील उठून बंद करायचे.
ती पुन्हा सोडायची.
यावर त्यांचं कधी बोलणं झालं नाही.

आठ वाजून अकरा.
वर ऐकू येत नाही काहीच,
फक्त कड्यापलीकडून
थोडं धुकं उठतं,
आणि बसमधली माणसं ओरडत असणार.

संध्याकाळी ती दार खाली घेते.
काटा तीनवर यायला हवा.
साडेतीनवर थांबवते.
वहीत लिहिते: तीन.
ऑफिसात कुणाला वाटलंच
कुठेतरी पाणी मुरतंय,
तर वाटो.