बर्फाच्या कारखान्यावरची खोली

देवगडला बदलून आले त्याला सहा वर्षं झाली.
सहा वर्षांत माझं नाव मोठ्याने घेतलं
ते फक्त कुरिअरवाल्याने,
तेही आडनावापासून सुरू करून.

बँकेतून सुटले की बंदरावर जायचे.
मासे नको असायचे, तरी टोपलीपाशी थांबायचे.
सौंदाळे कसे, विचारायचे,
फार होतात म्हणायचे,
आणि घरी येऊन वरणभात लावायचे.
कुकरच्या शिट्ट्या मोजायला
एक माणूस पुरतं.

औषधाच्या दुकानाच्या काचेवर
कुणीतरी हाताने लिहून चिकटवलं होतं:
दर बुधवारी साडेपाच. बर्फाच्या कारखान्यावरची खोली.
फक्त बायका. कॅरम आहे. भजन नाही, भिशी नाही.
दोन काळ्या सोंगट्या हरवल्या आहेत.

त्या शेवटच्या ओळीने मला ओढलं.

पहिल्या बुधवारी अर्धा जिना चढून परत फिरले.
दुसऱ्या बुधवारी पाऊण.
तिसऱ्या बुधवारी दार आतूनच उघडलं.
‘या,’ हमिदा मुकादम म्हणाल्या,
‘दोन आठवडे तुमच्या चपला ऐकतेय.’
मी पर्समधून दोन काळी बटणं काढली,
जुन्या कोटाची.
कोट कुणाचा, कुणी विचारलं नाही.
बटणं बोर्डावर सरकतात का, तेवढं बघितलं.

वहीत नाव लिहायचं होतं.
‘नुसतं नाव. कुणाची कोण, ते नको.’
मी लिहिलं: हेमांगी.
चेकबुकावर रोज सही करणारा हात,
पण वेलांटी चुकली.

आता खरं सांगते,
पहिले चार बुधवार काहीच झालं नाही.
खाली बर्फ फोडण्याचा आवाज,
पायाखाली गार फरशी,
अंगाला लावायच्या पावडरीने पांढरा झालेला बोर्ड,
आणि सहा बायका राणीवर डोळा ठेवून.
शमिता जोईलचा नवरा जहाजावर.
कधी दुपारी फोन, कधी रात्री तीनला,
जहाज जिथे असेल तिथलं घड्याळ.
फोन आला की ती कोपऱ्यात जायची,
परत यायची आणि पहिला नेम हमखास चुकवायची.
आम्ही तिला तो नेम पुन्हा घेऊ द्यायचो.
हा नियम कुणी केला, माहीत नाही.

मग जूनमध्ये मासेमारी बंद झाली.
होड्या वर ओढल्या, झापांखाली गेल्या.
बंदरावर जायला मला निमित्त उरलं नाही.
त्याच बुधवारी जिना चढून आली
द्वारका कोयंडे,
टोपलीशिवाय, म्हणून मला आधी ओळखूच आली नाही.
तिने मात्र ओळखलं.
समोर बसली, स्ट्रायकर ठेवला, आणि मान वर न करता म्हणाली,
‘तू रोज दर इचारीस.
घेवचंस नाय, माका ठावक होतां.
म्हणान मी चढवन सांगी.
तू हुज्जत घालशीत,
तेवढीच वायच थांबशीत म्हणान.
माझ्या घरात तरी कोण आसा बोलाक?’

राणी भोकात गेली. तिची.
कव्हर घ्यायला ती विसरली,
आणि मीही आठवण केली नाही.

सहा वर्षं मी जिला फसवत होते
ती मला फसवत होती,
आणि मध्ये ते सौंदाळे,
बिचारे, डोळे उघडे टाकून.

नारळी पुनवेनंतर होड्या गेल्या.
परवा संध्याकाळी मी टोपलीपाशी उभी राहिले.
‘काय गो हेमांगी,’ ती सगळ्या बंदराला ऐकू जाईल असं म्हणाली,
‘आठशे रुपये वाटो!’
मी म्हटलं, साठ.
मागची बाई म्हणाली, अहो, घेताय की नाही?
दीपगृहाचा दिवा लागला.
आम्ही दोघी काही हललो नाही.