सातवं अक्षर

डॉक्टर ओयालांचं टिपण: पडल्याला सहा आठवडे.
फोटोत नवं हाड दिसतंय, धुरकट,
थंड काचेवर श्वास धरावा तसं.
मी लिहिते: एस बेचाळीस पॉइंट दोनशे बारा.
डावा दंड, हाडाचं वरचं टोक, मान.
हाडालाही मान असते
आणि ती मोडली की खांदा आधी खाली येतो.
मग सातवं अक्षर, डी.
म्हणजे पुन्हा आलेली. रीतसर भरून येणारी.

कुठे पडलात, हे एकदाच विचारायचं असा नियम आहे.
पहिल्या भेटीत मीच नोंदवलं होतं: राहतं घर, अंगण.
पुढच्या भेटींतून जागा गळून जाते.
बर्फ तेवढा राहतो,
डब्ल्यू शून्य शून्य पॉइंट शून्य,
आणि त्याच्यामागे दोन एक्स.
एक्सना अर्थ नसतो.
सातव्यानं सातव्याच जागी बसावं
म्हणून मधे मांडलेल्या रिकाम्या खुर्च्या.
आमच्या टेबलाशी आहेत दोन, तशा.

दहाव्या आठवड्यात डॉक्टर लिहितात:
भरून येतंय, पण हळू.
हळूला अक्षर नाही.
मी विचारणा पाठवते, रीतसर की विलंबानं? कृपया एक निवडा.
चार दिवसांनी उत्तर येतं:
बाई एकाहत्तर वर्षांच्या आहेत.
मी पुन्हा पाठवते, तीच ओळ, तोच कृपया.
विलंबानं, असं येतं. नुसतं.
मी जी टाइप करते
आणि उठून कालचीच कॉफी गरम करते.

शनिवारी हॅनकॉकच्या किराणा दुकानात
आयली राउटिओ माझ्या पुढ्यात उभी.
मी तिला कधी पाहिलं नव्हतं.
नाव काउंटरवरच्या मुलीनं लांबून हाक मारली म्हणून कळलं.
जन्मतारीख मला पाठ. विमा कुठला, तेही.
हात पुढून पंच्याण्णव अंश, बाजूनं सत्तर.
उजव्या हातात काठी,
डावा वरच्या फळीवरच्या कॉफीच्या डब्याकडे.
मी हाडाची कारकून. ओट्सचा पुडा छातीशी धरून
अंश मोजत राहिले.
ऐंशी. नव्वद. नव्वदच्या थोडं वर.
बोटांनी डबा नुसता फिरला, चित्र मागे गेलं.

जरा काढून देता का, ती म्हणाली.
दिला.
मार्चमध्ये पडले हो, अजून वर जात नाही.
इथं मी गप्प बसायचं असतं.
सह्या केल्यात मी तशा, दरवर्षी करते.
पण तोंडातून गेलं, अगंबाई, कुठे?
आणि तिनं सांगितलं:
तळ्यावर. नवऱ्याचं मासेमारीचं खोपटं होतं,
तो गेला जानेवारीत, खोपटं तिथंच.
बर्फ फुटायच्या आत ओढून आणलं नाही तर दंड करतात.
एकटीच गेले स्लेज घेऊन.
दवाखान्यात अंगण म्हणाले.
मुलीला कळलं असतं तर घर विकायला लावलं असतं.
मग माझ्याकडे पाहून, तुम्ही इथल्याच का?
पुलापलीकडची, मी म्हणाले.
तेवढं खरं होतं.

सोमवारी तिचं टिपण पुन्हा माझ्या रांगेत.
पुढून एकशे दहा. फोटोत सांधा पक्का दिसतो.
डॉक्टरांनी या वेळी न विचारता लिहिलंय, रीतसर.
डी.
पहिली भेट केव्हाच बंद झाली, तिचे पैसेही आले,
तिच्यात अंगण आहे आणि अंगणच राहील.
एक्सच्या जागी दुसरं काही भरलं
तर बिल त्याच रात्री परत येतं.
तरी पहिल्या एक्सवर मी कर्सर थांबू दिला,
उघडझाप करत,
तळ्यावर कुणाचं तरी खोपटं दिवा लावून उभं असावं तसा.

मग पुढचा. घोटा, उजवा.
पायऱ्यांवरून, असं म्हणतो.