कवळी

नाना पेठेत, माझ्या लॅबच्या फळीवर
एका बाईचा जबडा आहे.
प्लास्टरचा. पेन्सिलनं तारीख, खाली: द्वा. करडे.

कुणाचा हो हा, एवढा जपलेला?
शीळ घालायची, मी सांगतो.
गिऱ्हाईक हसतं. हसू द्यावं.

तांबट आळीतला जन्म.
बाप हंडा मठारायचा, ठोक्याला ठोका लावून,
आणि दोन ठोक्यांमधल्या फटीत
सात वर्षांची द्वारका शीळ ठेवून द्यायची.
चुलती म्हणाली, बाईनं शीळ घातली की घरात साप येतो.
साप आला नाही.
नाटक कंपनीचा मॅनेजर आला.

सेट बदलायला वीस मिनिटं लागत.
लोक चहाला उठू नयेत म्हणून
हिला पडद्यापुढे उभी करायचे,
नऊवारीत, हात पाठीमागे, तोंडाचा चंबू.
आधी भूप. मग मालकंस.
मग धारवाल्याचं चाक, सुरीसकट.
पंधरा रुपये आणि एक बटाटावडा.

भरत नाट्यला एकदा तीन बायका उठून गेल्या.
चौथी बसून राहिली,
पदराआड ओठ दुमडून बघत, आपल्याला जमतं का.

गणपतीत निवेदक ओरडला, पुण्याची बुलबुल!
ही माईक ओढून म्हणाली,
बुलबुल कसली? मी तांबट.
अर्ध्यांना वाटलं पक्षी, अर्ध्यांना वाटलं जात.
टाळ्या दोघांनीही वाजवल्या.

पेपरात मात्र चाळीस वर्षं तिचं नाव
‘व इतर कलाकार’ असंच छापून आलं.

माझ्याकडे आली ती अडुसष्टाव्या वर्षी,
पुढचे चार दात पिशवीत घेऊन.
म्हणाली, जेवणाचं माझं मी बघते,
तुम्ही वाऱ्याचं बघा.

पहिली कवळी: नुसता फसफस.
दुसरीत सूर आला, पण पंचम गळायचा.
तिसऱ्या वेळी पुढच्या दोन दातांत
केसाएवढी फट ठेवली.
डॉक्टर चिडले, हे काय, दिसतं कसं!
दिसण्याचं कुणी विचारलं होतं?

स्टुलावर बसली. पाणी प्यायली.
मी पॉलिशची मोटर बंद करायला उठलो,
तर हातानंच थांबवलं:
राहू दे. षड्ज आहे.

त्या दुपारी जे झालं
त्याला तिकीट नव्हतं, पडदा नव्हता,
मी होतो आणि हाताखालचा इरफान.
त्याच्या हातातला मेणाचा तुकडा वितळून
बोटांवर आला तरी त्याला कळलं नाही.

चार वर्षांनी पुतण्याचा फोन,
वैकुंठातून, मागे गलका:
कवळी काढून घ्यायची असते का हो?
मी म्हटलं, राहू द्या.

मागच्या दिवाळीत मोटर जळाली. नवी घेतली.
दुकानदार सांगत होता,
आवाजच येत नाही साहेब,
हाच तर फायदा.