पान उलटून

ऐरोली, सेक्टर आठ, तळमजला.
कुंपणालगत डेलियाच्या अकरा कुंड्या.
डिसेंबरचं ऊन साडेनऊला येतं, दोनच्या आत जातं,
उरलेलं समोरच्या इमारतीचं.

खालची पानं पिवळी पडली तेव्हा घाबरले नाही.
दोन पेरं बोट मातीत घातलं:
गार, आंबूस, बंद राहिलेल्या खोलीसारखं.
भोकात खापरी अडकली होती, ती काढली
आणि झारी चार दिवस पालथी ठेवली.

मग शेंड्याची पानं फिकटली,
शिरा तेवढ्या हिरव्या,
नकाशातल्या नुसत्या नद्या उराव्यात तशा.
हे लोहाचं. दिवाळीआधी सोसायटीनं भिंतीला चुना काढला
तो ओघळून कुंड्यांत उतरत होता.
कुंड्या हातभर पुढे ओढल्या. कंबर धरली. ते वेगळं.

रव्यासारखे ठिपके आले तेव्हा
पानाखाली कोरा कागद धरून टिचकी मारली.
कागदावर पडलेली धूळ
चालायला लागली.
लाल कोळी. बेलापूर रोडची माती आणि कोरडी हवा
त्यांना फार मानवते.
आठवडाभर सकाळी पानांच्या पाठी धुतल्या,
लहान मुलांच्या धुवाव्यात तशा, कानामागेसुद्धा.

एकोणतीस वर्षं ठाण्याच्या लॅबमध्ये
मी रक्ताच्या काचा वाचल्या.
काचेवर नाव नसायचं, नंबर असायचा.
नावाचं माणूस बाहेर बाकावर,
हातात टोकन, कोपराच्या खळीत कापूस.
मी आत लिहायची, खाली सही डॉक्टरांची.
बाहेर जाऊन कुणाला काही सांगायची
वेळ आली नाही.
येऊ दिली नाही, असंही म्हणता येईल.

सातव्या कुंडीपाशी मात्र मी अडले.
तिथे उलटं होतं: शिरांच्या कडेनं पिवळं,
मधे गडद, पान चुरगळून परत सरळ केल्यासारखं.
झाड गुडघ्याएवढंच,
कुणीतरी खांद्यावर हात ठेवून खाली बसवलेलं.
पाणी बदललं, खत दिलं, भिंग लावलं,
रात्री टॉर्च घेऊन गेले, चोर पकडायला जावं तशी.
शेवटी दिवागावात हिराजी मढवींच्या नर्सरीत
पान वहीत दाबून नेलं.
त्यांनी चष्मा काढून बघितलं.
"याला दवा नाय, ताई. रोग रसातच हाय.
कंदासकट उपट. खताच्या खड्ड्यात टाकू नको.
कात्री धू. मावा दिसला का लगेच मार,
तो एकाचं दुसऱ्याला नेतो."
आणि मग, पान परत देताना,
"कंद कुनाकडचा?"

माझाच.

मे महिन्यात बुटांच्या खोक्यात, कोरड्या भुशात
मीच निजवून ठेवले होते सगळे.
आणि वाटले होते.
शीलवती डोंगरदिवेला दोन, गुडघ्याच्या ऑपरेशननंतर.
रुबीना पटवेकरला घणसोलीला तीन.
पोस्टातल्या तांडेलांना एक, त्यांनी मागितलाही नव्हता.
वाटताना हात किती मोकळा होता माझा.

फोन केले. त्यात कारणं नव्हती, नुसतं निदान.
रुबीना म्हणाली, बरं झालं सांगितलंस, मी पाण्यावर संशय घेत होते.
तांडेलांचा उगवलाच नव्हता,
त्यांना वाटत होतं आपलंच काही चुकलं.
शीलवती हसली.
"अगं पण काय सुंदर नक्षी आलीय पानांवर!
येणारे-जाणारे विचारतात, ही कुठली जात?
मी सांगते, मैत्रिणीनं दिलेली."

मी म्हटलं, पान उलटून बघ.
बराच वेळ फोनवर पंख्याचा आवाज.
मग, हळू, "हलतंय गं काहीतरी. हिरवं, बारीक."
मी म्हटलं, हात लावू नकोस, मी येते.

पिशवीत भिंग, कोरा कागद, स्पिरिट, धुतलेली कात्री.
आणि चौथ्या कुंडीतलं एक फूल, जांभळं, निरोगी.
चपला घालताना आठवलं,
सातव्या कुंडीतली माती
उन्हात पसरायची राहिलीच.
दोन वाजून गेले होते.